अप्पांनी दाखवलेली इटली

अप्पा, शनिवारी सकाळी बाळूचा फोन आला तेव्हा मी गॅरेजचं दार रंगवत होतो. वाईच्या पोस्टातून ट्रंक कॉल लागायला त्याला चार तास ताटकळावं लागलं होतं आणि बोलायला मिळाली तीन मिनिटं. त्यातलं पहिलं मिनिट आम्ही दोघा भावांनी नुसतं ‘हॅलो, हॅलो’ करण्यात घालवलं. मग तो म्हणाला, "दादा, अप्पा गेले. चहा घेतला, अंगणात जाऊन बसले आणि तिथंच..." पुढं त्यानं विचारलं, "तू येईपर्यंत थांबायचं का?" मिशिगनहून आपल्या अंगणात पोचायला दोन दिवस तरी लागतात. मी "नको" म्हणालो. थोरला मुलगा म्हणून तुमच्या अंत्यविधीत माझ्या वाट्याला आला तो एवढा एक शब्द.

इकडं माणूस गेला की त्याच्याविषयी चार ओळी छापायची पद्धत आहे. जन्म कुठला, शिक्षण काय, काम काय. आमच्या इथल्या मराठी मंडळाच्या पत्रकासाठी मीही लिहायला बसलो. जन्म लिहिला, शिक्षण चौथी लिहिलं आणि कामापाशी येऊन अडलो. का अडलो हे तुम्हाला माहीत आहे. तो कागद फाडला आणि हा घेतला. आता थेट तुमच्याशीच बोलतो, म्हणजे निदान खोटं लिहिता येणार नाही.

तुम्ही आलात चौऱ्याऐंशीच्या दिवाळीनंतर. डेट्रॉइटजवळच्या नोव्हायमधलं आमचं घर नवं होतं, कर्ज काढून घेतलेलं, आणि मला ते तुम्हाला दाखवायची कोण घाई. तुम्ही आत आलात, जोडे काढलेत, आणि सोफ्याकडं, टीव्हीकडं, गालिच्याकडं ढुंकूनही न बघता भिंतीशी गेलात. बोटाच्या पेरानं टकटक केलंत. पुन्हा दोन हात सरकून टकटक.

"पोकळ हाय की रं, दत्तू."

"अप्पा, इकडं अशीच असतात घरं. आत लाकडाचा सांगाडा, वरून तक्ते जिप्समचे."

"म्हंजे पुठ्ठा."

मीरा तेव्हा आठ वर्षांची. ती आजोबांची समजूत घालायला धावली, "आजोबा, इट्स सपोज्ड टु बी होलो!" तुम्हाला त्यातलं काही कळलं नाही, पण पुढं सहा महिने तुम्हा दोघांचा तो खेळच झाला. ती भिंतीवर टकटक करायची आणि तुम्ही ऐकून सांगायचात, लाकूड कुठं आहे. एकदाही चुकला नाहीत. तुमच्या सुनेनं, नलिनीनं फ्रेम टांगायची म्हटलं की ती मला न विचारता तुम्हाला विचारायला लागली. खरं सांगतो, आर्किटेक्ट मी होतो आणि मला थोडा रागच यायचा.

आता ती गोष्ट. मी या देशात आलो त्या वर्षी मंडळाच्या गणपतीत कुणीतरी सहज विचारलं, वडील काय करतात? भोवती बसलेल्यांचे वडील वकील होते, मामलेदार होते, एकाचे तर प्रिन्सिपॉल. माझ्या तोंडून निघून गेलं, "बांधकामात आहेत. कॉन्ट्रॅक्टर." नलिनी शेजारीच होती. घरी येताना गाडीत ती म्हणाली, "अहो, गवंडी म्हणाला असतात तर काय बिघडलं असतं?" मी म्हणालो, काहीच नाही. आणि खरंच काही बिघडलं नसतं. पण एकदा बोललेला शब्द परत कसा घ्यायचा? वर्षं गेली, शब्द तसाच राहिला, आणि मग तुम्ही यायचं ठरलं. तुम्हाला आधी सांगायचं धाडस मला झालं नाही. संक्रांतीच्या कार्यक्रमात डॉक्टर सबनीस दोन्ही हात पसरून पुढं आले, "या या, कॉन्ट्रॅक्टरसाहेब! दत्ताकडून ऐकलंय तुमच्याबद्दल."

तुम्ही एकदाच माझ्याकडं बघितलंत. मग त्यांना नमस्कार केलात. परत येताना मी वाट बघत होतो, आता बोलाल, आता बोलाल. तुम्ही विचारलंत ते एवढंच, की एवढ्या बर्फात या रस्त्याला भेगा कशा पडत नाहीत.

सबनीस डॉक्टर तुम्हाला आवडले, हे मात्र मला तेव्हाच कळलं. पुण्याचा माणूस, साठीला टेकलेला, पंचवीस वर्षं डेट्रॉइटमध्ये हाडं जोडत असलेला, आणि इटलीचं वेड इतकं की बेसमेंटमध्ये बसवून सगळ्यांना स्लाइडी दाखवायचे. मे महिन्यात ते आणि काकू सातव्यांदा इटलीला निघाले होते. तुमची परतीची तारीखही तेव्हाचीच. ते म्हणाले, "दत्ता, अरे रोमला जर्नी ब्रेक करा ना. सहा दिवस आमच्याबरोबर फिरा, मग मुंबईची फ्लाइट पकडा. तू आर्किटेक्ट असून इटली पाहिली नाहीस, धिस इज अ क्राइम, यार." तुम्ही साफ नाही म्हणालात. घरी जायचं तर मधेच उतरायचं कशाला, हा तुमचा मुद्दा बिनतोड होता. मी म्हणालो, "अप्पा, दोन हजार वर्षांपूर्वीची कामं आहेत तिथं. सगळी चुन्यातली."

"चुन्यातली?" तुम्ही चहा खाली ठेवलात. "अजून उभी हायत?"

अशी ती सहल ठरली, तुमची, माझी आणि डॉक्टर-काकूंची. मी तुम्हाला नवा कोट शिवून घेतला. कॉन्ट्रॅक्टरला शोभेल असा, हे मी मनात म्हणालो. डोक्यावर मात्र तुमची पांढरी टोपी होती, तिला हात लावायची माझी छाती नव्हती.

रोममध्ये पहिल्याच दिवशी त्या मोठ्या गोल देवळात गेलो, ज्याच्या घुमटाला मधोमध उघडं भोक आहे. आत शंभर माणसं होती आणि सगळ्यांच्या माना वर. डॉक्टर जाडजूड पुस्तकातून मोठ्यानं वाचत होते, मी कॉलेजात पाठ केलेली मापं सांगत होतो. तुम्ही खाली बघत फिरत होतात. काकूंना वाटलं तुमचं काहीतरी पडलं.

"काय शोधताय, अप्पा?"

"वरनं पाऊस येत असंल. मग पानी जातं कुठं?"

आणि तुम्ही शोधलंत. फरशीत अगदी बारीक भोकं होती आणि सगळी जमीन मधोमध किंचित उचललेली, नजरेला न कळणारी. तुम्ही उकिडवे बसलात, गाल जमिनीला लावायचाच काय तो बाकी होता. पाच वर्षं मी आर्किटेक्चर शिकलो आणि त्या इमारतीचा छेद मला झोपेतसुद्धा काढता आला असता. पण तिच्यात पाऊस पडतो हे माझ्या कधी डोक्यात आलं नव्हतं. डॉक्टरांनी पानं उलटली, एका कोपऱ्यात बारीक टाइपात ते दिलेलं होतं. "सहा वेळा आलोय मी इथं," ते स्वतःशीच म्हणाले.

त्यानंतर आमची सहल उलटी झाली. आधी तुम्ही बघायचात आणि नंतर डॉक्टर पुस्तकात शोधायचे, तुम्ही म्हणालात ते आहे का. मोठ्या प्रेक्षागाराच्या दगडांना जागोजाग खड्डे पडलेले, जणू कुणी टोचे मारलेत. तुम्ही त्यात बोट घातलंत. "हितं लोखंडाची पट्टी असनार, दोन दगडं धरायला. वर शिसं वतून बसिवलेली. आपल्याकडं किल्ल्याला वतायचे तसं. कुनीतरी चोरून नेलंया." पुस्तकात तेच. पोपांच्या प्रार्थनामंदिरात तर माझी निराशाच झाली होती, कारण त्या जगप्रसिद्ध छताची साफसफाई चालू होती आणि एका बाजूला वर उभं राहून काम करायला परांची बांधलेली. अर्धं छत काजळलेलं, साफ झालेला तुकडा नुकताच रंगवल्यासारखा. मी चडफडत होतो. तुम्ही ती परांची बघण्यात गढून गेलात आणि म्हणालात, "हिला आधार द्यायला भित्तीत भोकं पाडलेली न्हाईत. भोकं आधीचीच हायत. ज्यानं चित्र काढलं त्याचीच असनार." डॉक्टरांनी तिथल्या इंग्रजी जाणणाऱ्या गाइडला विचारलं. तो तुमच्याकडं बघतच राहिला. मूळ चित्रकारानं आपली परांची टेकवली ती याच भोकांत, असं त्यानं सांगितलं. आणि मग हे गवंडी आहेत का, असं त्यानं विचारलं, "इज ही अ मेसन?"

काकूंनी माझ्याकडं बघितलं. मी म्हणालो, "ही इज अ कॉन्ट्रॅक्टर."

तुम्हाला इंग्रजी येत नव्हतं, पण तो एक शब्द तुम्हाला कळत होता.

फ्लॉरेन्स मला सगळ्यात जास्त आठवतं. एका जुन्या मठात साधूंच्या लहान लहान खोल्या होत्या आणि प्रत्येकीत भिंतीवर एक चित्र, अगदी डोळ्यांच्या उंचीवर. तिथं तुम्ही मला जवळ बोलावलंत. चित्रातल्या देवदूताच्या खांद्यापाशी केसासारखी एक रेघ होती, गिलाव्याच्या दोन तुकड्यांच्या सांध्याची. "ओल्या चुन्यावर रंग दिलेला हाय. वाळायच्या आत जेवढं जमंल तेवढाच गिलावा करायचा. हितं त्याचा दिवस संपला." तुम्ही बोट पुढं नेलंत. "हा दुसरा दिवस. हा चेहरा काढाया येक आख्खा दिवस घेतलाय बग." मी त्या चित्राचं नाव, साल, शैली सगळं शिकलो होतो. माणूस सकाळी कामावर यायचा, चुना लावायचा आणि दिवस मावळायच्या आत उरकायचा, हे मला तुम्ही सांगितलंत. त्यानंतर मी कुठलंही भित्तिचित्र बघतो तेव्हा आधी दिवस मोजतो. ही सवय तुमची.

त्याच दुपारी कॅथीड्रलच्या घुमटावर चढलो. चारशेच्या वर पायऱ्या, डॉक्टर दर वळणावर थांबून नाडी बघत होते, स्वतःची. तुम्ही सत्तरीचे, शिडीवर आयुष्य गेलेलं, पुढं निघून गेलात. घुमटाला दोन कवचं आहेत, एकात एक, आणि जिना त्यांच्या मधून जातो. तिथं विटा उघड्या दिसतात. आडव्या विटांच्या रांगा आणि मधे मधे एकेक वीट उभी, तिरकी चढत गेलेली. मी सांगितलं, खालून लाकडाचा आधार न देता हा बांधलाय, आणि बांधणारा मूळचा सोनार. तुमचा विश्वास बसेना. "सोनाराचं गवंड्यांनी ऐकलं?" मी म्हणालो, ऐकलं, आणि गवंड्यांना जेवायला खाली उतरावं लागू नये म्हणून त्यानं वरच चुली मांडल्या होत्या म्हणे. "मग ऐकतील," तुम्ही म्हणालात.

आपलं भांडण तिथं सुरू झालं. मी म्हणालो, डोकं मोठं, अप्पा. घुमट कागदावर उभा राहतो तेव्हाच खरा उभा राहतो, नंतरची हमाली. हमाली हा शब्द मी वापरायला नको होता. तुम्ही भिंतीवरचा हात न काढता म्हणालात, "कागदावर वीट घसरत न्हाई, दत्तू." वर पोचल्यावर सगळं फ्लॉरेन्स पायाखाली होतं, लाल कौलं पार डोंगरापर्यंत, आणि आपण दोघं पाठमोरे उभे. काकूंनी प्रत्येकाच्या हातावर चिवडा ठेवला तेव्हा कुठं बोलणं झालं.

आणि मग सिएना. तिथल्या एका चढाच्या गल्लीत एक म्हातारा भिंतीला गिलावा करत होता. तुमच्याच वयाचा, डोक्यावर वर्तमानपत्राची घडी घालून केलेली टोपी. तुम्ही त्याच्या टोपीकडं बघितलंत, त्यानं तुमच्या, आणि दोघं हसलात. त्याच्या घमेल्यातला चुना तुम्ही चिमटीत घेतलात, चोळलात, हुंगलात. "मुरलेला हाय. वरीसभर तरी." मग हातानं खुणा करून विचारलंत, किती? त्यानं तीन बोटं वर केली. तीन वर्षं मुरवलेला चुना! तुमचा चेहरा असा फुलला, अप्पा, की माझ्या लग्नातसुद्धा मी तो तसा पाहिला नव्हता. तुम्ही अंगातला कोट काढून माझ्या हातात दिलात आणि त्याच्यापुढं हात केलात. त्यानं एक क्षण तुमच्या तळव्याकडं बघितलं आणि थापी दिली.

आम्ही तिघं बघत उभे. चुना उचलायचा, मनगटाचा एक झटका, आणि मग खालून वर सफाईदार हात. तीन-चार हात भिंत तुम्ही केलीत. तो म्हातारा "ब्राव्हो, ब्राव्हो" म्हणत होता. वरच्या खिडकीतून एक बाई ओरडून काहीतरी म्हणाली आणि त्यानं तुमच्याकडं बोट दाखवून तिला अभिमानानं काहीतरी सांगितलं. एकमेकांचा एक शब्द न कळणारी तुम्ही दोन माणसं तिथं अशी बोलत होतात, जसे आपण दोघं कधी बोललो नाही.

काकू म्हणाल्या, "अगंबाई, अप्पा! तुम्हाला हे हातानं येतं?"

थापी हातात धरून तुम्ही माझ्याकडं बघितलंत. मी तुमचा कोट धरून उभा होतो. एक वाक्य पुरलं असतं. माझे वडील गवंडी आहेत, वाईपासून महाबळेश्वरापर्यंतची निम्मी घरं त्यांच्या हातची आहेत, त्याच हातांनी मला शिकवलंय. तोंड उघडलं नाही.

तुम्ही म्हणालात, "व्हय बाई, पैले हातानंच करत हुतो. पोरगं शिकाया गेलं, मग मानसं ठिवली."

कसली माणसं, अप्पा? तुमच्याकडं होती ती आई एकटी. ती डोक्यावरून घमेली वाहायची. मी मुंबईला शिकत होतो ती पाच वर्षं तुम्ही दिवसाचं काम संपलं की दुसऱ्याच्या कामावर जायचात, हे बाळूनं मला सांगितलंय. आणि हातात थापी, बोटांना चुना, समोर तुमच्या कसबावर खूश झालेला जातभाई, असं सगळं असताना तुम्ही माझ्या खोट्याला टेकू दिलात. मी त्या क्षणी सुटलो आणि त्या क्षणाची लाज मला आजपर्यंत आहे.

संध्याकाळी मी स्टेशनवर रोमच्या गाडीची चौकशी करायला गेलो. परत आलो तेव्हा तुम्ही तिघं तिथल्या विटांच्या उतरत्या चौकात जमिनीवरच बसला होतात आणि मी येताच गप्प झालात. काकूंचे डोळे लाल होते. उन्हानं असेल असं मला वाटलं. दुसऱ्या दिवसापासून डॉक्टर तुम्हाला जरा जास्तच मोठ्यानं "कॉन्ट्रॅक्टरसाहेब" म्हणायला लागले.

गावी परतल्यावर तुम्ही काय उद्योग मांडलात तो मला बाळूच्या पत्रातून कळला. "अप्पांनी कोंबड्यांचं खुराडं पाडलं आहे आणि नवं बांधत आहेत, गोल, वर घुमट. आधार न देता. दोनदा पडलं." मी आणि नलिनी हसून हसून बेजार झालो. मीरानं शाळेत सांगितलं, माय ग्रँडफादर इज बिल्डिंग अ कॅथीड्रल फॉर चिकन्स. तिसऱ्या वेळी तो उभा राहिला आणि तुमच्या स्वतःच्या हातचं निळं पत्र आलं, चौथीतल्या मुलाच्या अक्षरातलं. "उभी वीट कशाला ते समजले. ती आडव्या विटेला धरून ठेवते, चुना धरेपर्यंत. सोनाराने हे कागदावर शोधले नाही. विटा हातात घेऊन शोधले. तुझे म्हणणे खोटे." मी उलट लिहिलं, की अप्पा, तो घुमट तुम्ही आधी मनात काढलातच ना, मग मन हाही कागदच. तुम्ही लिहिलंत, मनातही वीट घसरते. असं आपलं चार वर्षं चाललं. मुंबईत पाच वर्षं घालवून मला जे मिळालं नव्हतं ते त्या निळ्या पत्रांतून मिळालं: बापाशी भांडायची मुभा. शेवटच्या पत्राचं माझं उत्तर अर्धं लिहून झालंय. त्यात मी तुम्हाला कोंडीत पकडलं होतं, असं मला वाटतंय. तुम्ही निसटला असतात म्हणा.

आणि एक सांगायचं राहिलं. इकडं मी गाड्यांचे पार्किंग डेक काढतो. घरं नाही, देवळं नाही, गाड्या ठेवायचे मजले. तुम्ही होतात तेव्हा एकदा हट्टानं बघायला आलात. सगळे पाच मजले पायी चढलात, प्रत्येक खांबावर हात फिरवलात, उताराच्या कडेला बसून पाणी कुठं जाणार ते बघितलंत, आणि म्हणालात, "वळंब्यात हाय." म्हणजे ओळंब्याच्या दोरीशी अगदी सरळ. तेव्हा मला वाटलं, बस, एवढंच? सिएनाच्या त्या गल्लीत त्या चुन्याला तुम्ही नुसतं ‘मुरलेला हाय’ म्हणालात, तेव्हा मला कळलं की तुमच्याकडं याहून मोठा शब्दच नाही.

काल रविवारी मंडळाची माणसं घरी आली होती. तीस-पस्तीस जण, खुर्च्या कमी पडल्या, मुलं जिन्यावर बसली. तुमचा फोटो टेबलावर होता, तो कोटातला. बोलायला उभा राहिलो आणि काय बोलायचं ते ठरवलेलं सगळं विसरलो. मी म्हणालो, "तुम्हाला सगळ्यांना मी इतकी वर्षं सांगत आलोय की माझे वडील कॉन्ट्रॅक्टर होते. ते गवंडी होते. रोजावर काम करायचे. माझ्या आईनं घमेली उचलली आणि मी आर्किटेक्ट झालो. मला हे सांगायची लाज वाटत होती, आणि आता त्या लाजेची लाज वाटते." छत काही कोसळलं नाही. कुणीतरी खोकलं. मीरा उठून माझ्याजवळ आली आणि म्हणाली, "आय न्यू दॅट, बाबा. आजोबा टोल्ड मी." आता तिला कसं विचारू, अप्पा, कोणत्या भाषेत सांगितलंत?

सगळे गेल्यावर डॉक्टर आणि काकू मागं थांबले. डॉक्टरांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. "दत्ता, आम्हाला माहीत होतं."

"कधीपासून?"

"सिएनापासून. तू स्टेशनवर गेला होतास. त्यांनी सांगितलं, डॉक्टरसाहेब, मी गवंडी आहे, माझे हात बघून तुम्हाला कळलंच असेल. पण पोरगं कॉन्ट्रॅक्टर म्हणतंय, त्याला म्हणू द्या. परक्या मुलखात उभं राहायचंय त्याला. तुम्हाला कळलंय हे त्याला कळू देऊ नका, जिवाला लावून घेईल."

काकू म्हणाल्या, "आणि म्हणाले, मला कॉन्ट्रॅक्टरसाहेबच म्हणत जा, म्हणजे त्याला शंका येणार नाही."

चार वर्षं डॉक्टर मला दर भेटीत विचारायचे, "काय दत्ता, कॉन्ट्रॅक्टरसाहेब कसे आहेत?" आणि प्रत्येक वेळी मी घाईघाईनं विषय बदलायचो. ते तुम्हाला दिलेला शब्द पाळत होते.

मी समजत होतो, मी तुमचं गवंडीपण झाकून ठेवलंय. तुम्ही मात्र मला झाकत होतात, आणि त्या कामावर तुम्ही डॉक्टरांना लावलंत, काकूंना लावलंत, कदाचित मीरालाही. तुम्ही ठेवलेली माणसं हीच, अप्पा.

आज सकाळी पत्रकाचा कागद पुन्हा घेतला. कामापुढं ‘गवंडी’ लिहिलं आणि पाकीट टपालात टाकून आलो. आता सगळ्यांना सांगून झालंय. माझ्यासाठी कुणापुढं खोटं बोलायची तुम्हाला आता गरज नाही.